सुमतीताईंचा वाटा

सुमतीताई मेस्त्री कुणाच्याही घरी गेल्या की आधी माणसांकडे बघत नाहीत, जमिनीकडे बघतात. चपला काढायच्या, उंबऱ्यातच थांबायचं, मान खाली घालून खोलीभर नजर फिरवायची आणि पायाच्या अंगठ्याने लादीवर टकटक करून निकाल द्यायचा. "घसरडी आहे." नाहीतर, "खाली पोकळ राहिलंय. गवंड्याने फसवलं तुम्हाला." वास्तुशांत असो की आजाऱ्याला भेटायला जाणं, त्यात फरक नाही. शेजारच्या जोशीकाकांचं गुडघ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा ताई पेरूंची पिशवी घेऊन गेल्या आणि आत पाऊल टाकताच म्हणाल्या, "शहाबादी! वा! नशीबवान आहात काका." गुडघा दुखत असताना आपण नशीबवान कसे, हे काकांना अजून कळलेलं नाही.

ह्या वेडाचं कारण म्हणजे ताईंचा चेलो. ताई येण्याआधी हे वाद्य रत्नागिरीतल्या आमच्या नाचणे रस्त्यावर कुणी पाहिलं असेल असं वाटत नाही. दिसायला व्हायोलिनसारखं, पण उंचीला चौथी-पाचवीतल्या पोराएवढं. खुर्चीवर बसून ते दोन गुडघ्यांत धरायचं आणि गजाने वाजवायचं. त्याला खालून एक लोखंडी सळई असते. तिचं टोक जमिनीत रुतलं पाहिजे. नाही रुतलं तर वाजवता वाजवता वाद्य हळूहळू पुढे, प्रेक्षकांच्या भेटीला निघतं. ते होऊ नये म्हणून खुर्चीच्या पायाला बांधायचा एक पट्टा मिळतो म्हणे. पण "पट्टा कुत्र्याला बांधतात," असं ताईंचं मत आहे. त्यामुळे ताई जिथे वाजवायला बसतात तिथे भोक पाडतात.

असं एक भोक आमच्या हॉलमध्ये आहे. आमच्या वरच्या मजल्यावरच्या खोल्या भाड्याने द्यायच्या होत्या, त्या बघायला ताई आल्या होत्या. साठी ओलांडलेली, उंच, सावळी, खांद्यांनी रुंद बाई. पाठीवर ती प्रचंड पेटी. माझ्या नवऱ्याने, प्रकाशने, नुकत्याच नव्या लाद्या बसवून घेतल्या होत्या आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला तो त्या दाखवत होता. ताईंनी वरच्या खोल्या बघायच्या आधी खालच्या लाद्या बघितल्या. अंगठ्याने वाजवल्या. मग पर्समधून त्यांनी एक गिरमिट काढलं. बायकांच्या पर्समध्ये कंगवा असतो, गोळ्या असतात. गिरमिट मी पहिल्यांदाच पाहिलं.

"अहो, अहो, काय करताय!" प्रकाश ओरडला.

"घाबरू नका प्रकाशराव. सुताराची मुलगी आहे मी. दोन लाद्यांच्या सांध्यात पाडते, तुम्हाला शोधूनही सापडणार नाही."

आणि पाडलंच. मग चेलो काढला, खुर्चीवर बसल्या आणि खालच्या तारेवरून गज एकदाच, सावकाश ओढला. मांडणीतली स्टीलची ताटं थरथरली. प्रकाश बोलायला तोंड उघडून उभा होता, तो तसाच राहिला. सूर विरल्यावर ताई म्हणाल्या, "चिऱ्याच्या भिंती आहेत. आवाज धरून ठेवतात. मी घेते ही जागा." त्यांना जागा द्यायची की नाही हे आम्ही ठरवायचं असतं, हे आम्हाला त्या सामान घेऊन आल्यावर आठवलं.

चेलोला त्या "हा" म्हणतात. ह्याला झोप लागली, ह्याला आज सर्दी आहे, ह्याच्याशी मी सकाळपासून बोललेले नाही. कुणी "मोठं व्हायोलिन" म्हटलं की त्यांचा पारा चढतो. "व्हायोलिन हा ह्याचा धाकटा भाऊ. सारखा रडतो. हा घरातला कर्ता!" कोकणच्या हवेत लाकूड फुगतं म्हणून वरच्या मजल्यावरच्या दोन खोल्यांपैकी एसीची खोली "ह्याची" आहे आणि ताई स्वतः दुसऱ्या खोलीत पंख्याखाली घामाघूम होऊन झोपतात. पेटीत उकड्या तांदळाच्या पुरचुंड्या ठेवलेल्या असतात, ओल शोषायला. पावसाळ्यात ते तांदूळ तव्यावर भाजून पुन्हा पेटीत जातात.

मासे विकायला येणारी शेवंती हे सगळं पहिल्या महिनाभर नुसतं ऐकत होती. एक दिवस पाटी उतरवता उतरवता तिने मला हळूच विचारलं, "गो बाय, वरच्या बाईचा घोव आजारी हाय काय? कधी भायेर दिसत नाय तो. रोज त्याचीच वार्ता."

हे मी ताईंना सांगितलं. वाटलं, चिडतील. ताई इतक्या हसल्या की जिन्यावर बसल्या. मग गॅलरीतून ओरडून म्हणाल्या, "शेवंती, ये गो वर, घोव दाखवते!" तेव्हापासून शेवंती आली की आधी वर जाते, चेलोकडे बघून "बरा हाय मां?" असं विचारते आणि मग बांगडे मोजते.

रिक्षावाले त्यांना "चेलाबाई" म्हणतात. एकाने तर त्या कुठल्या महाराजांच्या चेला, असंही विचारलं. ताईंनी गंभीरपणे उत्तर दिलं, "ह्याच्याच."

ताईंचं मूळ गाव लांज्याजवळ. वडील मुंबईत वाद्यांच्या एका दुकानात सुतारकाम करायचे. पेट्या दुरुस्त करायच्या, सतारीचे भोपळे जोडायचे, पॉलिश मारायचं. एकदा तिथे मान मोडलेला एक चेलो आला. टेम्पोतून पडला होता. मालक तो टाकून गेला तो पुन्हा फिरकलाच नाही. वडिलांनी सवडीने मान जोडली. जोडताना आत जो तुकडा बसवला तो गावाहून आणलेल्या फणसाच्या लाकडाचा.

ही गोष्ट ताईंनी आम्हाला मोठ्या अभिमानाने सांगितली. "जर्मनीत भलेभले कारागीर ह्याला उलटासुलटा करून बघायचे. म्हणायचे, मॅडम, आवाजात हा गोडवा कुठून आला? मी कशाला सांगते!"

प्रकाश म्हणाला, "फणस कापा होता की बरका?"

मी त्याला डोळ्यांनी दटावलं. पण ताई जराही विचलित झाल्या नाहीत. "कापा," त्या म्हणाल्या. "बरका असता तर आवाज गिळगिळीत आला असता."

दुकानात तारा घ्यायला एक पारशी बाई यायच्या. चेलो शिकवायच्या. शाळा सुटल्यावर वडिलांपाशी येऊन बसलेली सुताराची मुलगी त्या दुरुस्त केलेल्या चेलोच्या तारा छेडत बसते, हे त्यांनी पाहिलं. त्यांनी मुलीचा हात हातात घेऊन बोटं ताणून बघितली आणि वडिलांना सांगितलं, ही मला द्या. बाई शिकवायच्या आणि वडील त्यांच्या घरची कपाटं, पलंग, खिडक्या दुरुस्त करायचे. "त्या बाईंचं घर म्हणजे अख्ख्या गल्लीतलं सगळ्यात भक्कम घर झालं," ताई सांगतात. "एकही दार कुरकुरत नव्हतं. मी मात्र कुरकुरायचे."

घरात वादळ झालं ते बसण्यावरून. गुडघे फाकवून बाईमाणसाने लोकांसमोर बसायचं? आत्या रडल्या. काका बोलेनासे झाले. ताईंच्या आईने आठवडाभर काही म्हटलं नाही आणि मग एक दिवस ट्रंकेतलं नऊवारी लुगडं काढून लेकीला कासोटा घालून दिला. "आता बस कशी बसायची ती," म्हणाली. "आम्ही भाताच्या लावणीला वाकतो, नारळ सोलायला बसतो, तेव्हा नाही कुणाला काही दिसत ते!"

पुढे शिष्यवृत्ती मिळून ताई जर्मनीला गेल्या आणि तिथल्या एका लहान शहराच्या ऑपेरा हाऊसमध्ये नोकरीला लागल्या. तिथे नियम असा की बायकांनी काळा पायघोळ झगा घालायचा. ताईंना तो झगा गुडघ्यात अडकायचा. त्यांनी घरी कळवलं. आईने काळी चंद्रकळा पाठवली. नऊवारी. "पहिल्या दिवशी मी चंद्रकळा नेसून आत गेले," ताई सांगतात, "तेव्हा मॅनेजर धावत आला. मी म्हटलं, काळी आहे? आहे. पायघोळ आहे? आहे. मग? तो नियम वाचत बसला आणि मी वाजवत बसले." पुढे ऑर्केस्ट्रातल्या अर्ध्या बायकांना कासोटा घालायला आपण शिकवला, असा ताईंचा दावा आहे. प्रकाशचा त्यावर विश्वास नाही. माझा आहे.

लग्नाचं एकदा जुळत आलं होतं. पण मुलाकडच्यांना कुणीतरी सांगितलं की मुलगी ऑर्केस्ट्रात आहे. आता इकडे ऑर्केस्ट्रा म्हणजे गणपतीत चौकात होतो तो, सिनेमातली गाणी आणि चमचमते कपडे. मुलाच्या आईने निरोप धाडला की आम्हाला नाचगाण्यातली सून नको. ताई हेही हसतच सांगतात. "बरं झालं. तो मुलगा तालात चालायचाच नाही. मी बघितला होता."

इतकी वर्षं वाजवून ताई कुठे पोचल्या? तर शेवटच्या बाकावर. ऑर्केस्ट्रात चेलोवाल्यांच्या रांगा असतात. पुढे बसतात ते मोठे, मागे बसतात ते बाकीचे. ताई पहिल्या दिवशी शेवटच्या बाकावर बसल्या आणि निवृत्त होईपर्यंत तिथेच बसल्या. याचा त्यांना काडीचाही कमीपणा वाटत नाही. "मागे बसलं की सगळ्यांच्या मानाच दिसतात. आणि मानेवरून कळतं कोण चुकणार आहे. पुढचे चुकले तर आम्ही सावरायचो. आम्ही चुकलो असतो तर सावरायला मागे कोण? भिंत! म्हणून आम्ही कधी चुकलो नाही."

निवृत्त झाल्यावर त्या लांज्याला भावाकडे आल्या. तिथे हायवेवरच्या ट्रकचे हॉर्न आणि ह्याचे सूर यांचं पटेना, म्हणून रत्नागिरी. आणि मासे. "तिकडचा मासा म्हणजे ओला कापूस," असं म्हणून त्या शेवंतीकडून मुडदुशा घेतात.

गेल्या वर्षी सावंत सर त्यांच्या मागे लागले. सावंत सर आमच्या भागातल्या वाचनालयाचे कार्यवाह. निवृत्त गणित शिक्षक, आणि एखादं गणित सुटेपर्यंत फळ्यासमोरून न हलणारा माणूस. वाचनालयाच्या वार्षिक समारंभात दरवर्षी नाट्यगीतं होतात. यंदा चेलो, असं सरांनी ठरवलं.

ताई म्हणाल्या, "तुमच्या स्टेजची लादी घसरडी आहे."

सरांनी फणसाच्या फळ्या आणून छोटा लाकडी चौथरा करून घेतला. कापा की बरका ते मी विचारलं नाही.

"तुमच्या खुर्च्यांना हात आहेत. माझं कोपर अडकतं."

सर स्वतःच्या जेवणाच्या टेबलाची खुर्ची रिक्षात घालून घेऊन आले.

"तुमचे पंखे खरखरतात."

पंख्यांना तेल घातलं गेलं. मग हवेत ओल आहे, मग दिवे डोळ्यांवर येतात, मग हा सध्या रुसलाय. सर प्रत्येक वेळी "बरं" म्हणून जात आणि उपाय करून परत येत. मला आश्चर्य वाटायला लागलं. वाटेल त्या घरात, न विचारता भोक पाडून वाजवायला बसणारी ही बाई. हिला स्टेजचं वावडं कधीपासून झालं?

सगळ्या सबबी संपल्या त्या संध्याकाळी ताई खाली आमच्या स्वयंपाकघरात आल्या. मी भाजी चिरत होते. जमिनीकडे न बघता त्या सरळ पाटावर बसल्या.

"नीलम," त्या म्हणाल्या, "मी एकटीने कधी वाजवलेलं नाही गो."

"म्हणजे? रोज तर वाजवता. आमच्या हॉलमध्येही वाजवलंत."

"तो रियाज. नाहीतर एखादा सूर. लोकांसमोर, कार्यक्रम म्हणून, एकटीने कधीच नाही. परीक्षेलासुद्धा बाई पियानोवर साथीला असायच्या. नंतर तर सगळा जन्म शेवटच्या बाकावर. इथे सगळ्यांना वाटतं मी कुणीतरी मोठी आहे, स्टेजवर बसून तासभर गाजवणारी. ते वेगळे लोक असतात. त्यांची जातच वेगळी. मला येतो तो फक्त माझा वाटा."

मी सुरी खाली ठेवली. एवढा बारीक आवाज मी त्यांचा कधी ऐकला नव्हता. म्हटलं, "मग तेवढाच वाजवा."

हे मी आपलं काहीतरी बोलायचं म्हणून बोलले होते. पण ताईंनी मान वर केली. माझ्याकडे बघत राहिल्या. मग उठल्या, गवारीची एक शेंग कच्चीच तोंडात टाकली आणि नेहमीच्या खणखणीत आवाजात म्हणाल्या, "बरोबर आहे! माझा वाटा वाजवते. सावंतांना सांग, येते म्हणून."

कार्यक्रमाला सभागृह भरलं होतं. पुढच्या रांगेत जोशीकाका, त्यांच्या शेजारी मी आणि प्रकाश, आणि पलीकडे, केसांत अबोलीचा गजरा माळून, शेवंती. ताई चंद्रकळा नेसून आल्या. चौथऱ्यावर बसल्या, सळई रोवली, समोर स्टँडवर कागद लावले आणि माईक ओढून घेतला.

"नमस्कार. मी जे वाजवणार आहे ती एक सिंफनी आहे. ती वाजवायला साठेक माणसं लागतात. आज त्यातली एकच आली आहे. बाकीच्यांचं तुम्ही समजून घ्या."

लोक हसले. त्यांना विनोद वाटला. मलाही.

ताईंनी गज उचलला आणि सुरू केलं. खालचे, जाड, एकामागून एक चालत जाणारे सूर. गुणगुणता येईल अशी चाल नव्हती. कुणीतरी ओझं घेऊन पायऱ्या चढत असावं तसे ते सूर होते. थोड्या वेळाने ते थांबले. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

ताईंनी गज उभा धरून हात वर केला. "संपलेलं नाही. आता बासऱ्या आहेत."

आणि त्या गप्प बसून राहिल्या. सभागृहही गप्प. ताई मान किंचित तिरकी करून ऐकत होत्या. ओठांनी मोजत होत्या. मग एकदम गज टेकला आणि पुन्हा त्या पायऱ्या सुरू झाल्या. मागे कुणीतरी खुसखुसलं. एकजण उठून बाहेर गेला. प्रकाशने माझा हात दाबला. वाटलं, मीच सुचवलं हे. आता हसं होणार ह्यांचं, आणि उद्यापासून रस्त्यावर चेलाबाई म्हणून कुणी हाक मारली की त्यात वेगळाच रंग असणार.

पुन्हा सूर थांबले. ह्या वेळी कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. त्या शांततेत शेवंतीने मोठ्याने विचारलं, "आता कोण वाजवताय गो?"

अख्खं सभागृह तिच्याकडे वळलं. ताई मोजता मोजता थांबल्या नाहीत, पण चेहरा उजळला. "शिंगं," त्या म्हणाल्या. "चार जण आहेत. तिसरा जरा घाईत असतो."

"मग त्याला सांगा!"

"सांगून झालंय," ताई म्हणाल्या आणि गज टेकवून पुन्हा आत शिरल्या.

हसू फुटलं, पण ते वेगळं हसू होतं. त्यानंतर काय झालं ते नीट सांगता येणार नाही. पुढच्या वेळी ताई थांबल्या तेव्हा लोक वाट बघत थांबले. त्याच्या पुढच्या वेळी जोशीकाकांनी डोळे मिटले. मध्ये एक फार लांब शांतता आली. ताईंनी गज मांडीवर आडवा ठेवला आणि त्या समोर, भिंतीच्याही पलीकडे कुठेतरी बघत ऐकत राहिल्या. त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी सरकत होतं, जसं मळ्यावरून ढगाची सावली सरकते. आम्हाला काही ऐकू येत नव्हतं. पण आम्ही ऐकणाऱ्या माणसाकडे बघत होतो. तेही पुरे होतं. पंख्यांचा आवाजसुद्धा येत नव्हता, सावंत सरांची कृपा.

एकच गोष्ट खटकत होती. कागदाचं पान संपलं की ताईंना वाजवणं सोडून ते उलटावं लागायचं. तेवढ्यापुरता सूर तुटायचा. दर वेळी पान उलटताना त्या डाव्या बाजूला अगदी किंचित बघायच्या आणि मग स्वतःच हात पुढे करायच्या.

शेवटी सगळ्यांनी मिळून जोरात वाजवायचं असावं. ताईंचा गज दणदणत होता, अंबाड्यातून केस सुटले होते. शेवटचा सूर संपवून त्यांनी गज हवेत उंच नेला आणि थांबवला. आम्ही उभे राहिलो. सगळे उभे राहिले. सावंत सरांनी शाल घातली, नारळ दिला आणि माईकवर आले. "सुमतीताईंचे आभार," ते म्हणाले, "आणि बाकीच्या सर्व कलाकारांचेही."

ताईंनी मागे वळून रिकाम्या स्टेजकडे हात केला, जणू सगळ्यांना उठून उभं राहायला सांगत होत्या.

घरी येताना रिक्षात ताई, मी आणि मध्ये चेलो. प्रकाश स्कूटरवर मागून येत होता. ताई रंगात होत्या. शेवंतीचं कौतुक चाललं होतं. मी सहज विचारलं, "पान उलटताना डावीकडे कुणाला बघत होतात?"

ताई बाहेर बघत म्हणाल्या, "क्रिस्टा."

ऑर्केस्ट्रात दोघांत एक स्टँड असतो. एक बाक म्हणजे दोन माणसं आणि एक कागद. त्यांतल्या एकाने वाजवत राहायचं आणि दुसऱ्याने, ज्याचं पद धाकटं त्याने, पान आलं की वाजवणं सोडून ते उलटायचं. म्हणजे सूर तुटत नाही. शेवटच्या बाकावर क्रिस्टा आणि ताई. उलटायचं काम ताईंचं. क्रिस्टाही तशीच, नोकरी संपेपर्यंत त्याच खुर्चीत बसणारी.

"मैत्रीण होती?" मी विचारलं.

"मैत्रीण म्हणजे काय गो, बोलायचो कुठे आम्ही? ती अबोल. सकाळी गुटेन मॉर्गन, संध्याकाळी गुटेन आबेंड, एवढंच. तिच्या घरी मी कधी गेले नाही." ताईंनी चेलोच्या पेटीवरून हात फिरवला. "आई गेली त्या दिवशी भावाचा फोन आला. विमानाने आले असते तरी पोचले नसतेच. संध्याकाळी ऑपेरा होता. कुणाला काही सांगितलं नाही. चंद्रकळा नेसले आणि जाऊन बसले. पहिलं पान आलं. मी हात पुढे करणार, तर क्रिस्टाने गज खाली ठेवला आणि पान उलटलं. मला वाटलं चुकून. दुसरं पान आलं, तेही तिनेच. त्या संध्याकाळची सगळी पानं तिने उलटली. मला एकदाही थांबू दिलं नाही. म्हणाली काही नाही. बघितलंसुद्धा नाही माझ्याकडे."

"तिला कसं कळलं?"

"बाजूला बसलेल्याला कळतं."

रिक्षा आमच्या फाटकाशी येऊन थांबली होती. रिक्षावाल्याने इंजिन बंद केलं.

"पावसाळ्याच्या आधी गेली ती," ताई म्हणाल्या. "तिच्या भाच्याने कळवलं. मी म्हटलं, एवढ्या लांब जाऊन मी काय करणार? तिथे तरी काय बोलणार होतो आम्ही?" मग एकदम खणखणीत आवाजात, "चल, उतर. ह्याचं डोकं धर. आपटू नको."

रविवारी सकाळी मी वर गेले. ताई रियाजाला बसल्या होत्या. मी म्हटलं, "ताई, पानं मी उलटू का?"

"तुला हे वाचता येतं?"

"नाही."

ताईंनी गजाच्या टोकाने दुसऱ्या खुर्चीकडे खूण केली. "डावीकडे बस. कोपर आत घे, ह्याला लागेल. पानाचा वरचा कोपरा धरायचा, खालचा नाही. मी मान हलवली की उलटायचं, आधी नाही, नंतर नाही. आणि माझ्याकडे बघायचं नाही. कागदाकडे बघ."

पहिल्यांदा मी दोन पानं एकदम उलटली. ताईंनी माझ्या नावाने जे काही जर्मनमध्ये म्हटलं त्याचा अर्थ मी विचारला नाही. पुन्हा पहिल्यापासून. दुसऱ्या वेळी मी कागदाकडे बघत बसले. काळे ठिपके, रेघा, मधूनच रिकाम्या जागा. कानाशी त्यांचा श्वास ऐकू येत होता. तो जरा लांबला, आणि मान हलायच्या आधीच मला कळलं. मी पान उलटलं. गज थांबला नाही. सूर एका पानावरून दुसऱ्या पानावर तसाच चालत गेला.

मी ताईंकडे बघितलं नाही.